भालेराव अस्वलाचं अवकाशयान

एका जंगलात, मुलांनो, कशाचीच कमतरता नव्हती. म्हणून तिथे भविष्यावर चित्रपट काढायचं ठरलं.

दिग्दर्शक होता भालेराव अस्वल. निर्माते कोल्हटकर, ते कोल्हा होते हे तुम्ही ओळखलंच असेल. गोष्ट तीन हजार वर्षांनंतरची. पृथ्वीवर एकही झाड उरलेलं नाही आणि एक शूर काळवीट शेवटचं बी आणायला चंद्रावर निघतो.

झाडं नसलेली पृथ्वी दाखवायला उजाड जागा हवी होती. म्हणून सागाचं अख्खं रान तोडलं. खारी बेघर झाल्या. कोल्हटकरांनी त्यांना पहिल्या खेळाचे पास दिले.

चित्रपट लागला. गुहेच्या भिंतीवर यान आलं. ते इतकं लांब होतं, की त्याचं शेपूट येईपर्यंत हत्तीचा डोळा लागला. मग स्फोट झाले. हत्ती जागा झाला आणि कूस बदलून पुन्हा झोपला.

मध्यंतरात चिंगी खारीनं भालेरावाला हळूच विचारलं, "दादा, हा काळवीट कुणासाठी एवढा जिवावर उदार झालाय? घरी कोण आहे त्याचं?"

"ते दुसऱ्या भागात कळेल," भालेराव म्हणाला.

मध्यंतरानंतर गुहेत वटवाघळं तेवढी उरली. ती तिथेच राहत होती.

समीक्षक घुबडाच्या मते चित्रपट काळाच्या पुढे होता. कोल्हटकरांच्या मते प्रेक्षक काळाच्या मागे होते. भालेरावाला दोन्ही पटलं, तरी घशाखाली मध उतरेना.

बायको रेवतीनं त्याला अंगणात बसवलं आणि मनातलं बोलायला लावलं. तो सांगू लागला. चित्रीकरण चालू असताना ओढ्याला लोंढा आला. यान वाहून गेलं. पत्र्याच्या पोशाखात अडकलेला काळवीट आतच राहिला. काठावर त्याची म्हातारी आई सैरावैरा धावत होती. भालेरावाला जन्मापासून पाण्याची भीती. तरी त्यानं उडी टाकली.

ऐकता ऐकता कुंपणापाशी हत्ती येऊन उभा राहिला. खारी जमल्या. कुणी पापणी हलवेना.

"मग? वाचला का तो?" चिंगीनं विचारलं.

"तो वाचला. मीच बुडत होतो. त्याच्या आईनं कान धरून बाहेर काढलं मला."

सगळे हसले. हत्तीनं डोळे पुसले. याचाच चित्रपट काढा, असं चिंगी म्हणाली, तेव्हा मात्र भालेराव चिडला.

"हे नुसतं घडलंय. यात खर्च कुठे आहे?"

आणि तो कोल्हटकरांकडे नव्या चित्रपटाचं बोलायला निघाला. तो मंगळावर घडतो.

तात्पर्य : गोष्ट काय, अंगणातही सांगता येते, पडद्यावर खर्चच दाखवावा.