दिवसाला पाचशे

बँक जितके दिवस घराचे कागद शोधेल, तितके पाचशे सुताराच्या पदरात पडणार होते. नियमच तसा होता आणि तो काचेच्या चौकटीत भिंतीवर टांगलेला होता: कर्ज फिटल्यापासून तीस दिवसांत तारणाचे कागद परत मिळतील, न मिळाल्यास पुढच्या दर दिवसाला पाचशे भरपाई. वीस वर्षं हप्ते भरलेल्या माणसाकडे बँकेचे पैसे येण्याची ही पहिलीच शक्यता. सुताराने पाटी तीनदा वाचली. तिसऱ्या वाचनाला विजेवर चालणारा रंधा त्याच्या डोळ्यांपुढे उभा राहिला.

कर्ज फिटल्याच्या तिसाव्या दिवशी तो पहिल्यांदा कागद घ्यायला आला, तेव्हा मनात असलं काही नव्हतं. टेबलावर कोणी नव्हतं आणि समोरचा बाक डुगडुगत होता. सुताराला काटा टोचलेला चालतो, डुगडुगणारं लाकूड चालत नाही. त्याने तिथली एक कापडाची घडी आखूड पायाखाली सारली, बाक दोन्ही हातांनी हलवून पाहिला आणि मग ऐसपैस बसला. एवढ्यात कारकूनबाई सहीचं रजिस्टर घेऊन आल्या, बाकाकडे पाहिलं, टेबलाखाली पाहिलं आणि त्यांचा चेहरा उतरला.

"काका, इथे कागदपत्रं पाहिलीत का?"

"कागद? नाही बुवा."

"मग उद्या याल?"

तो रागवणार होता, पण तेवढ्यात त्याला पाटी दिसली.

त्या दिवसापासून सुताराइतकं गोड गिऱ्हाईक बँकेने पाहिलं नसेल. रोज दुपारी हातातलं काम टाकून तो यायचा, आपल्या बाकावर बसायचा आणि बाईंना सांगायचा की सावकाश शोधा, घाई नाही. बाई कपाटं उपसायच्या. आठवड्याभरात त्यांच्या डोळ्यांखाली काळं आलं. सुताराला ते दिसत होतं, पण रंधाही दिसत होता.

घरी मात्र पंचाईत होती. हे घर घेताना बायकोने हातातल्या सोन्याच्या बांगड्या काढून दिल्या होत्या. कागदावर नाव मात्र एकट्या सुताराचं लागलं. कागद सुटले की दुसऱ्या दिवशी तुझं नाव लावतो, हा त्याचा वीस वर्षांपूर्वीचा शब्द. ती रोज दारातच विचारायची.

"मिळाले?"

"शोधतायत बिचारे."

"बँकेला बिचारी कधीपासून म्हणायला लागलात?"

एकोणिसाव्या दिवशी तिने पायात चपला घातल्या. तुम्हाला मागता येत नाही, मी मागते, म्हणाली.

बँकेत सुताराने तिला कौतुकाने आपला बाक दाखवला. बघ, जरा हलत नाही. तिने बाक पाहिला, मग बाकाचा पाय पाहिला आणि ती खाली वाकली.

"अहो, हा आपला पडदा."

"कसला पडदा?"

"पिवळ्या फुलांचा. कागद मळू नयेत म्हणून उरलेल्या तुकड्याची पिशवी शिवून दिली होती मी. माझी टीप मला कळत नाही होय?"

"अगं ओढू नकोस, बाक हल..."

तिने ओढली. बाक कलला आणि सुतार जमिनीवर आला. पिशवीच्या खालच्या अंगाला बँकेचा नंबर चिकटवलेला होता. आत घराचे कागद होते, चांगले दाबून सपाट झालेले.

कारकूनबाई मटकन खुर्चीत बसल्या. पहिल्याच दिवशी त्यांनी पिशवी काढून बाकावर तयार ठेवली होती. पण परत येऊन बघतात तर नाही. आपण खरंच काढली होती की नाही, याचाच त्यांना भरवसा उरला नव्हता. एवढ्यात साहेब बाहेर आले. त्यांनी पिशवी पाहिली आणि आकडा सांगितला, एकोणीस दिवसांचे साडेनऊ हजार. ते बाईंच्या पगारातून कापायचं वरून ठरलंच होतं.

सुतार जमिनीवरच होता. भरपाई भिंतीवरच्या चौकटीतून पडते, असाच आतापर्यंत त्याचा समज होता. बाई पदराने डोळे पुसत होत्या. बायको पिशवीवरची धूळ झटकत त्याच्याकडे पाहत होती. रंधा त्याच्या डोळ्यांपुढून हळूहळू गेला.

"साहेब," तो उठत म्हणाला, "तो बाक मी बसवला होता."

"म्हणजे?"

"म्हणजे भरपाई नको. लिहून देतो."

त्याने लिहून दिलं. दुसऱ्या दिवशी नवरा-बायको नोंदणी कचेरीत गेले, आणि तिथून परतताना सुताराने बँकेत जाऊन बाकाला नवा पाय ठोकून दिला. बाई मजुरी विचारायला लागल्या, तर त्याने नुसताच हात हलवला.

आता हिशेब. बँकेने दिले शून्य. बाईंच्या पगारातून गेले शून्य. सुताराची वीस दुपारांची मजुरी बुडाली, वर एक सागवानी पाय. बायकोने काहीच दिलं नाही. तिने वीस वर्षांपूर्वीच देऊन ठेवलं होतं.