पाडव्याची कात्री

आमच्या शेजारचे डॉ. चौबळ रोज सकाळी वेलीची नाडी बघत. हे मी गमतीनं म्हणत नाही. अंगात ड्रेसिंग गाऊन, डोक्याला माकडटोपी, डावं मनगट डोळ्यांसमोर धरलेलं आणि उजव्या हाताची दोन बोटं दाराशेजारच्या वेलीच्या खोडावर. थोडा वेळ घड्याळाकडे बघायचं, मान हलवायची आणि दारातूनच आत जाहीर करायचं, "पेशंट स्टेबल आहे!"

लंडनच्या कडेला स्टॅनमोरला आम्ही राहायला आलो त्याच आठवड्यात मी हे दृश्य किचनच्या खिडकीतून पाहिलं आणि नवऱ्याला म्हटलं, "घर घेताना सर्व्हेअरनं ओल बघितली, छप्पर बघितलं. शेजारी कुणीच बघितला नाही."

काका मूळचे साताऱ्याचे. पेशानं भूलतज्ज्ञ. इथल्या हॉस्पिटलांत माणसं झोपवण्यात आणि वेळेवर जागी करण्यात त्यांची सगळी नोकरी गेली. रिटायर होऊन काळ लोटला तरी सवय सुटली नव्हती. समोरचा माणूस बोलत असला की काका त्याचा श्वास मोजतायत असं वाटायचं. सुमनकाकू म्हणायच्या, "लोकांना अजूनही झोपवतात हे. फक्त आता इंजेक्शन लागत नाही. वेलीचा विषय काढला की काम होतं."

त्या वेलीची जन्मकथा मला काकूंनीच सांगितली. त्यांच्या घराचं पुढचं दार उत्तरेला. सूर्य तिकडे फिरकत नाही. मागच्या बागेत काकूंचे गुलाब होते, छान फुलायचेही, पण ते मागे. "येणाऱ्या माणसाला दारात काय दिसतं? विटा!" काकूंना दारात फुललेली वेल हवी होती. त्यांनी हौसेनं दोनदा जाई लावली आणि दोन्हीदा ती पहिल्याच थंडीत गेली. मग काकांनी केस हातात घेतली. पुस्तकं वाचली, गार्डन सेंटरमधल्या माणसाचं डोकं खाल्लं आणि वेलीचं हायड्रेंजिया आणलं. ऊन नको, आधाराला तारा नकोत. खोडालाच बारीक मुळं फुटतात आणि ती भिंतीला धरून वर चढते. जूनमध्ये पांढरी फुलं येतात.

म्हणजे यायला हवीत. पहिली काही वर्षं वेल जागची हललीसुद्धा नाही.

"मेलीय ती," काकू म्हणाल्या.

"झोपलीय," काका म्हणाले. "मेलेलं आणि झोपलेलं यातला फरक ओळखायचाच मला पगार मिळायचा."

खरंच झोपली होती. एका वर्षी जागी झाली आणि मग थांबेचना. आम्ही आलो तोवर पहिल्या मजल्याच्या खिडकीपर्यंत पोचली होती. तिचं एक टोक आमच्या छपराच्या पन्हळीकडे निघालं तेव्हा माझ्या नवऱ्यानं तक्रार केली. काका गंभीरपणे म्हणाले, "तिला हात लावू नकोस. मला फोन कर, मी येऊन बोलतो तिच्याशी." आणि आले की! शिडीवर चढून ते टोक हलकेच वळवताना काहीतरी पुटपुटतही होते. बहुधा भूल देताना पेशंटशी बोलायचे, तसंच.

फुलं मात्र नाहीत. पानं हिरवीगार, खोड मनगटाएवढं, आणि फूल एक नाही. दर जूनमध्ये काकू दारात उभ्या राहून वेलीकडे बघायच्या आणि मला ऐकू येईल अशा आवाजात म्हणायच्या, "डॉक्टरांचा पेशंट स्टेबल आहे, पण कामाचा काहीच नाही." काका हसायचे आणि थंडीला दोष द्यायचे. थंडी झाली नसेल त्या वर्षी पावसाला.

एक गोष्ट इथे सांगायला हवी. काकूंनी घराबद्दल काही म्हटलं की काकांचं उत्तर ठरलेलं असे: "हो." जिन्याला जांभळा गालिचा? हो. माणसं दोन असून फ्रीज दोन? हो. चांगला सोफा पाहुण्यांसाठी राखून आपण रोज किचनमधल्या खुर्च्यांवर बसायचं? हो. मी नवऱ्याला सारखी सांगायची, जरा शीक काही यांच्याकडून. तो म्हणायचा, "मी भिंतीवर मुंडावळ्या बांधतो म्हटलं तर तू हो म्हणशील का?"

तर एकदा ईलिंगच्या एका हॉलमध्ये मराठी मंडळींचा बागकामाचा कार्यक्रम होता. काका वक्ते. उत्तरेच्या भिंतीवरची वेल यावर ते इतकं रंगून बोलले की चहा गार झाला. शेवटी हात वर करून म्हणाले, "एक लक्षात ठेवा. फुलं गेल्या वर्षीच्या फांदीवर येतात. वसंतात तिला कात्री लावाल तर त्या वर्षीच्या सगळ्या कळ्या कापून टाकाल. कापायचं ते फुलं होऊन गेल्यावर."

मागून कुणीतरी विचारलं, "डॉक्टर, तुमच्या वेलीला किती येतात?"

"माझ्या वेलीला येत नाहीत," काका म्हणाले.

सगळा हॉल हसला. चहाच्या टेबलावरून नुकत्याच आत आलेल्या काकू तर डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसल्या. काकाही हसले. दुसरा कुणी असता तर शंभर कारणं सांगत बसला असता.

त्यानंतरच्या पाडव्याच्या आदल्या दिवशी मी ऑफिसच्या कॉलवर होते. खिडकीबाहेर बघते तर काका शिडीवर, हातात मोठी कात्री, आणि वेलीच्या बाहेर आलेल्या सगळ्या फांद्या भिंतीलगत साफ कापत चाललेले. खाली काकू उभ्या. "तिथली राहिली. ती डावीकडची. अहो, ती!" मार्चमध्ये या वेलीला पानं नसतात. तपकिरी काटक्या आणि सोलपटणारी साल, एवढंच दिसतं. वर्षाच्या पहिल्या दिवशी, गुढीच्या खाली, दारात असलं वाळकं झुडूप नको, हा काकूंचा नियम. दर पाडव्याला दाराची ही हजामत व्हायचीच.

काकू आत गेल्यावर मी बाहेर आले. "अहो काका, तुम्हीच म्हणालात ना, स्प्रिंगमध्ये कात्री लावायची नाही?"

काकांनी किचनकडे एक नजर टाकली आणि हळूच म्हणाले, "ते इतरांसाठी."

डॉक्टर स्वतःचं औषध कधी घेतात? मी हसले आणि माझ्या कॉलवर परत गेले.

पुढच्या शरदात काकू गेल्या. आजारपण म्हणावं इतकंही झालं नाही. हॉस्पिटलात गेल्या त्या परत आल्याच नाहीत. मिल्टन कीन्सहून त्यांचा मुलगा रोहन आला, काही दिवस राहिला. "बाबा, चला आमच्याकडे," म्हणाला. काका म्हणाले, "पेशंट आहे इथे." रोहनला ते कळलं नाही. त्यानं माझ्याकडे बघितलं, मी वेलीकडे बोट दाखवलं.

पाडवा आला. मी विचारलं, "काका, शिडी धरायला येऊ?" ते म्हणाले, "या वर्षी आमच्याकडे सण नाही." खरंच की! वर्षाच्या आत घरात गुढी उभारत नाहीत. गुढी नाही, म्हणून कात्रीही नाही. काटक्या तशाच राहिल्या.

आणि जूनमध्ये एका संध्याकाळी मी स्टेशनवरून चालत आले, तर आमच्या कोपऱ्यावर दोन बायका थांबून फोटो काढत होत्या. अख्खी भिंत पांढरी झाली होती. मध्ये बारीक फुलांची जाळी आणि कडेनं चार पाकळ्यांची मोठी फुलं, असे तळहाताएवढे झुबके, खालपासून वरच्या खिडकीपर्यंत. अंधाऱ्या भिंतीवर कुणी दिवे लावले असावेत तसं वाटत होतं. मी तशीच धावले आणि काकांची बेल वाजवली. दार उघडलं नाही. पुन्हा वाजवली. शेवटी बाजूच्या बोळातून काकांचा आवाज आला, "इकडून ये."

मग माझ्या लक्षात आलं. त्या आठवड्यात ते पुढच्या दारानं बाहेर पडलेच नव्हते. दूध आणायलासुद्धा मागच्या गेटनं जात होते. ज्या माणसाचा सकाळचा राउंड कधी चुकला नाही, तो वेलीच्या समोर यायला तयार नव्हता.

"काका, फुलं आलीत!"

"ठाऊक आहे. यायचीच होती. बस, चहा करतो."

चहा त्यांनी केला आणि प्यायला विसरले. किचनमधल्या त्याच खुर्च्यांवर आम्ही बसलो होतो.

"मुलं लहान होती तेव्हा साताऱ्याला नवीन हॉस्पिटल निघत होतं," ते म्हणाले. "मला बोलावणं आलं. सुमननं लॉफ्टमधून बॅगा काढल्या होत्या. मी तिला न विचारता नाही कळवून टाकलं. इथलं माझं नुकतंच बस्तान बसलं होतं. ती भांडली नाही गं. बॅगा पुसल्या आणि परत वर ठेवल्या. त्या दिवशी मी ठरवलं, यापुढे या घरात तिला कशालाही नाही म्हणायचं नाही."

मला जांभळा गालिचा आठवला आणि हसू आलं नाही.

"पाडव्याला कात्री लावा म्हणाली, मी हो म्हटलं. फुलं का येत नाहीत विचारायची, मी म्हणायचो, थंडी फार झाली. खोटं बोललो, पण नाही म्हटलं नाही." त्यांनी गार झालेला कप बाजूला सरकवला. "आणि तिला फुलंच हवी होती. एकदा सांगितलं असतं तर तिनंच माझ्या हातातली कात्री काढून घेतली असती."

मला फार वाईट वाटलं. काकूंसाठी जास्त वाटलं, हेही खरं. इतकी वर्षं ती बाई दर जूनमध्ये एका भिंतीकडे आशेनं बघत राहिली, आणि उत्तर तिच्याच घरात, तिच्याच समोर बसून जेवत होतं.

जुलै संपता संपता फुलं तपकिरी झाली. एका सकाळी शिडीचा आवाज आला म्हणून मी बाहेर पळाले. काका वर, हातात कात्री.

"काका, अहो, आता कशाला?"

"हीच वेळ. फुलं झाली की लगेच कापायचं. पुढच्या जूनच्या कळ्या यानंतर धरतात. धर ती शिडी."

मी शिडी धरली. ते अगदी काकूंना आवडायचं तसं कापत होते, भिंतीलगत, एकसारखं. डावीकडची फांदी न सांगता कापली.

"आता कापलं की मार्चपर्यंत फांद्या फारशा बाहेर येत नाहीत," ते म्हणाले. "पाडव्याला दार साफ दिसेल. पहिल्या दिवशी वाळकं झुडूप नको, बरोबर आहे तिचं. आणि जूनमध्ये फुलंही येतील."

कात्री थांबली.

"म्हणजे दोन्ही होत होतं. तिला नाही न म्हणता होत होतं. ही एवढीशी गोष्ट मी ईलिंगच्या हॉलमध्ये सगळ्यांना सांगितली, आणि घरात मला ती सुचली नाही."

"काका, तुम्ही त्यांच्या मनासारखंच करत होतात," मी म्हटलं.

"नाही गं," शिडीवरून ते म्हणाले. "हो म्हटलं की समोरच्याचं ऐकावं लागत नाही."