न मोजलेला भात

खोतकाकांना जेवायला बोलावलं की ते तारीख विचारत नाहीत, बेत विचारत नाहीत. एकच विचारतात. "न बोलावता किती जण येणार आहेत?"

पहिल्यांदा हा प्रश्न ऐकला तेव्हा मी "कोणी नाही काका, आपण घरचेच," असं अगदी अदबीने सांगितलं होतं. काकांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. माझ्या घरात काहीतरी वाईट घडलंय आणि मला ते अजून कळलेलं नाही, असा त्यांचा चेहरा होता. "हरकत नाही," म्हणाले, "सुधारेल परिस्थिती."

मी दुबईजवळ अजमानमध्ये राहतो, हमरिया फ्री झोनमधल्या एका कंपनीत स्टोअर्स सांभाळतो आणि आमच्या लहानशा मराठी मंडळाचा सेक्रेटरी आहे. म्हणजे आठवडाभर नट-बोल्ट मोजतो आणि सुट्टीच्या दिवशी माणसं. कार्यक्रमाला किती ताटं लागतील याचा माझा अंदाज दोनापलीकडे चुकत नाही, आणि हे मी लोकांना सांगतो. कोणी विचारलेलं नसतानाही सांगतो. माझी बायको वैशाली म्हणते की मी स्वतःच्या लग्नात बोहल्यावरून पंगत मोजत होतो. साफ खोटं आहे. पंगत नव्हतीच, बुफे होता.

अशा माणसाच्या समोरच्याच दारात देवाने खोतकाकांना आणून ठेवलं. काका मूळचे रत्नागिरीकडचे, वय सदुसष्ट, इंजिनियर. तरुणपणी बारा वर्षं लागोसला प्लास्टिकच्या बादल्या करणाऱ्या कारखान्यात होते. नंतर अठ्ठावीस वर्षं इथे. इथल्या अठ्ठावीस वर्षांबद्दल विचारलं तर "एसी चांगले आहेत" एवढंच सांगतात. लागोसबद्दल मात्र विचारावं लागत नाही. कुंदाकाकू चार वर्षांपूर्वी गेल्या, तेव्हापासून काका मुलीच्या व्हिसावर इथेच राहतात. एकटे असले तरी स्वयंपाक सहा माणसांचा करतात आणि उरलेला डबा घेऊन मजल्यावरची एकेक बेल वाजवतात. मुलगी, मृणाल, दुबईत एका बँकेत आहे. तिच्याशी मराठीत बोललं की ती इंग्रजीत उत्तर देते, आणि इंग्रजीत बोललं की जरा जास्त भरभर इंग्रजीत.

मागच्या वर्षी वैशालीने मोबाइलवर बघून जोलोफ केला. टोमॅटो, लाल मिरच्या आणि कांदा वाटून त्यात शिजवलेला तांबडा भात. नायजेरियात लग्न असो, बारसं असो की कोणाची साठी, तो असतोच. मी त्याचा फोटो काढून मंडळाच्या ग्रुपवर टाकला आणि खाली लिहिलं, "आज आमच्याकडे पार्टी जोलोफ." काका आमच्याच टेबलावर दुसऱ्यांदा भात वाढून घेत होते. त्यांनी फोन बघितला, चमचा खाली ठेवला, बाल्कनीत गेले आणि तिथून ग्रुपवर चार मिनिटांचा व्हॉइस मेसेज टाकला. मग आत येऊन तिसऱ्यांदा भात घेतला.

मेसेजचा सारांश असा, की वैशालीच्या हाताला चव आहे, परंतु हा जोलोफ आहे, पार्टी जोलोफ नव्हे.

"फरक काय पण?" मी विचारलं.

"हा गॅसवर झालाय, सेक्रेटरी. तो रस्त्यात होतो. लाकडं, हे एवढं थोरलं भांडं, खालचा थर करपतो आणि धूर भातात उतरतो."

"म्हणजे लग्नातल्या मसालेभातासारखंच. घरी तेच मसाले घातले तरी ती चव येत नाही," मी म्हणालो. आपण फार मार्मिक बोललो असं मला वाटलं.

"ते अर्धंच झालं. धूर काय, कोणीही घालेल. तिकडे कोणी घरी फार छान केला ना, तर म्हणतात, वा, अगदी पार्टीसारखा लागतोय. सारखा म्हणतात, पार्टी जोलोफ नाही म्हणत. येईल त्याला पुरला पाहिजे म्हणून टाकलेला भात, त्याला ते नाव. माणसं मोजून केला की तो नुसता भात."

हे त्यांनी मला उद्देशून म्हटलं नव्हतं, असं वैशाली म्हणते. पण म्हणताना हसते.

न बोलावता येणाऱ्यांसाठी तिकडे एक खास शब्द आहे, तोही मला काकांनीच शिकवला. मो ग्बो, मो या. म्हणजे ऐकलं, आणि वाट वाकडी करून आलो. असे आठ-दहा जण आले नाहीत तर यजमानाला कमीपणा वाटतो. आपल्याकडे असे आठ-दहा आले तर सेक्रेटरीला घाम फुटतो.

काका स्वतः हा धर्म कडकपणे पाळतात. अजमानमध्ये नायजेरियन मंडळी पुष्कळ, आणि आमच्या बिल्डिंगखाली ब्लेसिंग नावाच्या बाईचं केस विणायचं सलून आहे. कोणाकडे काय आहे हे तिथे सगळं कळतं. काका तिथे बसून ऐकतात आणि शनिवारी हिरवी गोल टोपी घालून निघतात. एकदा मलाही घेऊन गेले. कोणीतरी आमंत्रण विचारेल या भीतीने मी एक भेटवस्तू छातीशी धरून खांबाआड बसलो होतो. कोणी आमंत्रण विचारलं नाही. तीन वेगवेगळ्या बायकांनी येऊन "जेवलास का?" एवढं विचारलं, आणि निघताना आठवण म्हणून हातात एक बादली दिली. बादलीवर सत्तर वर्षं पूर्ण झालेल्या एका आजींचा हसरा फोटो छापलेला होता. काकांनी ती उलटी करून बूड तपासलं आणि साचा बरा आहे म्हणाले. ती बादली आमच्या बाथरूममध्ये आहे. आजींची दृष्टी चुकवून आंघोळ करायला मी अजून शिकतो आहे.

तर अशा काकांना यंदा नात झाली. मृणाल बाळंतपणानंतर काकांकडेच राहायला आली. जावयाच्या आईचं गुडघ्याचं ऑपरेशन झालेलं, त्यामुळे त्यांना नाशिकहून येणं जमलं नाही. बाराव्या दिवशी, शनिवारी दुपारी, आमच्या बिल्डिंगच्या पहिल्या मजल्यावरच्या हॉलमध्ये बारसं ठरलं. मृणालने मला बोलावून घेतलं.

"अंकल, प्लीज, यू डू द फायनल काउंट. अँड प्लीज हँडल बाबा. ही वॉन्ट्स टु कुक फॉर हाफ ऑफ अजमान."

माझ्या अंगावर मूठभर मांस चढलं. दोन दिवसांत मी यादी केली, येणाऱ्या-न येणाऱ्यांना वेगवेगळे रंग दिले, ज्यांनी उत्तर दिलं नाही त्यांना फोन केले आणि शारजात रोल्ला भागातल्या केटररला बेचाळीस ताटं सांगितली.

संध्याकाळी काका आले. भांडले नाहीत. सोफ्यावर बसून म्हणाले, "मृणाल झाली ना, तेव्हा लागोसला आमचं कोणी नव्हतं रे. कुंदा सव्वीस वर्षांची, आईच्या आठवणीने रोज रडायची. सहा जणांना बोलावून बारसं करायचं ठरवलेलं. घरमालकीणबाईंनी पोरीचं नाव ठेवायचंय हे ऐकलं आणि रस्त्यात चूल मांडली. अख्खी गल्ली आली. एक म्हातारी होती, तिचं नाव आम्हाला शेवटपर्यंत कळलं नाही. तिने मृणालला मांडीवर घेतलं आणि कुंदाला म्हणाली, तू जेव. कुंदा मला नंतर म्हणाली, बारा दिवसांत पहिल्यांदा दोन्ही हात मोकळे ठेवून जेवले, आई बसली होती जवळ असं वाटलं." मग म्हणाले, "आता मृणालला आई नाही. या पोरीला जवळ आजी नाही. मी काय, डायपर बदलतो. पण तसं बसता येत नाही मला."

यावर कोणताही शहाणा माणूस यादी फाडून टाकेल. मी काय केलं ते सांगतो. दुसऱ्या दिवशी ऑफिसातून येताना ब्लेसिंगच्या सलूनमध्ये गेलो. काका आठवडाभर तिथे बसून "शनिवारी भात आहे" असं हवेत बोलत होते, हे मला माहीत होतं. मी अतिशय गोड आवाजात तिला म्हणालो, "सॅटर्डे प्रोग्रॅम, फॅमिली ओन्ली, प्लीज." ती "ओके सर" म्हणाली. बाहेर आल्यावर आपण परिस्थिती उत्तम हाताळली म्हणून मी स्वतःला एक करक चाय पाजला.

शनिवारी काकांनी एका मित्राच्या व्हिलाच्या अंगणात पहाटेपासून लाकडावर भात केला आणि पिकअपमधून दोन थोरली पातेली हॉलवर आणली. शंभर-सव्वाशे माणसांचा तरी भात असावा. हिरवी टोपी घालून ते दाराशी उभे राहिले. पाहुणे आले. आत्याने व्हिडिओ कॉलवरून कुर्र केलं, अन्वी नाव ठेवलं. आणि जन्मात पहिल्यांदा माझा अंदाज तंतोतंत बरोबर आला. बेचाळीस. एक कमी नाही, एक जास्त नाही.

बेचाळीस जणांच्या हातात बेचाळीस ताटं होती. बाळ रडत होतं, मृणाल त्याला खांद्यावर घेऊन येरझाऱ्या घालत होती, आणि येताजाता जो तो तिला "तू पण खाऊन घे हं" म्हणत होता. काका पातेल्याशी उभे राहून जिन्याकडे बघत होते. जिन्यात पाऊल वाजलं की मान वर व्हायची. केटररचा माणूस बर्फ घेऊन आला तेव्हाही झाली.

मला स्वतःची लाज वाटली. एरवी ती उशिरा वाटते, तशी त्या दिवशीही उशिराच वाटली. मी जिना उतरून सलूनमध्ये गेलो. आत सात-आठ बायका होत्या.

"ब्लेसिंग, आय वॉज राँग. प्लीज कम. ऑल ऑफ यू."

"यू सेड फॅमिली ओन्ली."

"आय सेड आय वॉज राँग, ना."

ती हातातला केसांचा पेड न सोडता म्हणाली, "सर, नाऊ यू आर इन्व्हायटिंग. बाबा डझंट वॉन्ट इन्व्हायटेड पीपल."

काकांनी हिलाही शिकवलं होतं, की हिने काकांना, कोण जाणे.  मग मी भिंतीकडे तोंड केलं आणि कोणालाच उद्देशून नाही असं मोठ्याने म्हणालो, "वर एका मुलीचं नाव ठेवतायत. लाकडावरचा भात आहे. खूप आहे." हे मी तीन भाषांत म्हटलं.

मी वर पोचतो न पोचतो तोच त्या आल्या. एकीचे अर्धेच केस विणलेले होते, एकीच्या मानेभोवती टॉवेल तसाच होता. त्यांच्यामागून शेजारच्या दुकानातले दोघे आले, मग कोणी कोणाला फोन केले ठाऊक नाही, पण जिना वाजतच राहिला. "वी हर्ड," ब्लेसिंग काकांना म्हणाली. काकांनी डाव उचलला आणि वाढायला सुरुवात केली.

ब्लेसिंगची मावशी लागोसहून तिला भेटायला आलेली होती. म्हातारी, जाड, गुडघ्यांवर हात टेकत चालणारी. ती सरळ मृणालकडे गेली, बाळ काढून घेतलं, खुर्चीत ऐसपैस बसली आणि ताटाकडे बोट दाखवून म्हणाली, "ईट." मृणालने आधी माझ्याकडे आणि मग काकांकडे पाहिलं, आणि ती खाली बसून जेवायला लागली. बाळ गप्प झालं.

"ग्रँडमा कुठे आहे हिची?" म्हातारीने इंग्रजीत विचारलं.

"चार वर्षं झाली," काका म्हणाले.

म्हातारीने मान हलवली. मग बाळाच्या कानाशी वाकून एक शब्द दोनदा म्हणाली. "येतुंडे. येतुंडे."

"बाबा, व्हॉट डिड शी से?" मृणालने विचारलं.

काकांनी टोपी काढून हातात घेतली. "आजी गेल्यावर घरात पहिली मुलगी झाली, की त्यांच्यात तिला हे नाव देतात," ते म्हणाले. "आई परत आली, असा अर्थ आहे."

मृणालच्या हातातला घास तसाच राहिला. "माझी?" तिने मराठीत विचारलं.

"तुझी," काका म्हणाले. "जेव आता, भात गार होतोय."