सेम्बावांग मुक्कामी दोन कंस फत्ते जाहले त्याची हकीकत

सत्याचे स्मरण करोन आणि खोडरबर शेजारी ठेवोन ही हकीकत लिहिली जाते. सांप्रतचे काळी सिंगापूर बेटाचे उत्तर अंगास सेम्बावांग म्हणोन वस्ती आहे. तेथे नवव्या मजल्यावरील फ्लॅटात राजमान्य राजश्री रत्नदीपराव, मूळचे नागपूर प्रांतीचे, हल्ली जहाजांचे यंत्रविद्येतील मोठे मानकरी, एम्प्लॉयमेंट पासाचे सनदेवर सहकुटुंब राज्य करीत होते. राज्याची वाटणी ऐसी की, रिमोट कन्या एकताबाईंकडे, स्वयंपाकघर कुटुंब नीताबाईंकडे, आणि उरलेले सर्व रावांकडे.

ऐशास एके रविवारी सायंकाळी एकताबाई, सेकंडरी शाळेचे पहिले वर्षातील, गृहपाठाचा कागद घेऊन आपण होऊन चालत आल्या, आणि गणित अडले ऐसे चक्क मराठीत बोलल्या. रावांस भरून आले. कारण गेले वर्षभर कन्येने बापास काही पुसले नव्हते; बापाने काही पुसावे तर 'ओके' आणि 'नेव्हर माइंड' इतकाच जबाब मिळे, आणि गणित अडले की ती लिफ्टने खाली विक्रांतकाकांकडे जाई. हे विक्रांतराव पुणेकर गणितात तरबेज, आणि आपण तरबेज आहोत हे सांगण्यात त्याहून तरबेज. आज ही मोहीम फसली तर पुढील सर्व गणिते लिफ्टनेच जातील, आणि मागोमाग मुलगीही, हे रावांस उमजले.

गनीम ऐसा उभा होता: ५(x − ३) − २(x − ४) = ११. दोन कंस म्हणजे दोन किल्ले, एकेकात दोन दोन असामी दरवाजा लावोन बसलेले, आणि बाहेर एकेक सरदार. शाळेत टॅनबाई म्हणोन गुरू आहेत, त्यांची सक्त ताकीद की, बाहेरील सरदाराने आतील प्रत्येकाची भेट घ्यावी, दारातल्या पहिल्यासच भेटून परतू नये, आणि भेटीचे बाण कागदावर काढावे. रावांनी ही ताकीद हसण्यावारी नेली. ज्यांस तीसपर्यंत पाढे तोंडपाठ, त्यांनी बाण काढीत बसावे, हे घराण्यास शोभेना. सबब राव मिशीवरोन बोट फिरवून, डोळे मिटोन, तोंडीच कूच करते जाहले.

पहिला किल्ला हां हां म्हणता पडला. पाचाने एक्सास गाठिले आणि तिनासही गाठिले, आणि पाच एक्स वजा पंधरा ऐसे दोघे निमूट बाहेर आले. मग स्वारी दुसरे किल्ल्याकडे वळली. तेथील सरदार वजा दोन, मोठा उफराटे स्वभावाचा. आत वजावाला भेटला की त्यास अधिक करोन सोडी. रावांनी त्यास एक्सावर नीट सोडिला, परंतु चाराची पाळी येता वजा बाहेरच विसरोन नुसता दोन आत पाठविला, तेणेकरोन वजा आठ जाहले. मग राव आकडे बरोबरच्या चिन्हापलीकडे भराभर हाकीत शेवटास आले, तो उत्तर निघाले अकरा पूर्णांक एक तृतीयांश. राव मनी चरकले, परंतु चेहऱ्याची जरब कायम राखोन, उत्तर हेच, लिहून घे, ऐसा हुकूम सोडिला.

एकताबाईंनी लिहिले नाही. इतके फाटके उत्तर टॅनबाई देत नसतात, ऐसे म्हणोन त्यांनी कागद आपणाकडे ओढिला, आणि बाण काढिले. शेवटचे बाणापाशी पेन्सिल थांबली. वजा दोन आणि वजा चार यांची गाठ पडली म्हणजे अधिक आठ होतात, ऐसे कन्येने बापाचे नजरेस आणिले. तितक्यात आतून नीताबाईंचे फर्मान आले की, हॉकर सेंटर नामे खाऊबाजारातून आणिलेले नूडल्स थंड होत आहेत, सबब उभय पक्षांनी तह करावा.

आता रावांपाशी सबबींचा तोटा नव्हता. आमचे वेळी पद्धत निराळी होती, चष्मा आत राहिला, ऐशा दोन तर जिभेवर तयार होत्या. परंतु बाप सबब निवडीत असता एकताबाई कागद गोळा करू लागल्या, आणि खुर्चीवरोन अर्ध्या उठल्या. ते पाहता रावांनी पाढे, मिशी आणि घराणे यांचा सर्व अभिमान एका घोटात गिळिला.

"चुकलो गं. वजा मी बाहेरच विसरलो. बस, मला दाखव कसं करायचं ते."

एकताबाई बसल्या. मग बापलेकींनी एके कागदावर माना घालोन फौज नव्याने मांडिली. वजा पंधरा आणि अधिक आठ मिळोन वजा सात जाहले, ते पलीकडे जाऊन अकरात मिळाले, आणि तीन एक्स बरोबर अठरा, म्हणजे एक्स बरोबर सहा, ऐसा निकाल लागला. खातरजमा म्हणोन सहास मूळ जागी बसवून पाहिले: पाच त्रिक पंधरा, बे दुणे चार, वजा जाता अकरा. नूडल्स पुरते गार जाहले, आणि कोणी उठेना. मग एकताबाईंनी पेन्सिल बापाचे हाती दिली, आणि मराठीस सिंगापुरी शेपूट लावोन बोलल्या.

"पप्पा, पुढचं तू कर. बाण विसरू नको, लाह."

येणेंप्रमाणे दोनही कंस फुटोन मोहीम तडीस गेली. जय कोणाचे नावे लिहावा याचा विचार करिता तो रावांचे नावे लिहिला आहे. कारण गणित कन्येने जिंकिले, आणि कन्या रावांनी.