अरेरेची कमाल मर्यादा

माणसाला अनिश्चितता सोसत नाही आणि खात्रीचा त्याला कंटाळा येतो. या दोहोंच्या मध्ये जी चिंचोळी जागा उरते, तिच्यात व्यावसायिक कुस्तीचा उद्योग उभा आहे. या उद्योगात निकाल आधी लागतो आणि कुस्ती नंतर होते. हा क्रम ज्यांना उलटा वाटतो त्यांनी आपल्या कचेरीतल्या बढतीच्या मुलाखती आठवाव्यात. आमच्याकडे निदान हरणाऱ्याला लागू नये म्हणून खाली गादी असते.

मी या मंडळात ध्वनिमापन अधिकारी आहे. ध्वनिशास्त्राची पदवी घेतल्यावर माझ्यापुढे दोन वाटा होत्या: विमानांचा आवाज मोजणे किंवा माणसांचा. विमानतळाने 'कळवतो' म्हणून सांगितलं होतं. बहुधा कळवतील.

सभागृहात सहा ठिकाणी मायक्रोफोन बसवलेले आहेत. त्यांवर मी तीन प्रकारचे आवाज मोजते. आवडता मल्ल जिंकला की होतो तो जल्लोष. नावडता जिंकला की होते ती हुर्यो. आणि आवडता अगदी जिंकता जिंकता हरला की सगळ्या सभागृहातून एकदम जो उठतो, तो अरेरे. (चौथा प्रकार शांतता. ती मोजायची वेळ आली की निकाल संचालक बदलतात.)

या तिन्हींत शास्त्रीयदृष्ट्या सर्वांत मौल्यवान अरेरे आहे, हे मी तीन हंगामांच्या मोजणीतून सिद्ध केलं. जल्लोषाचं अर्धायुष्य एकोणीस दिवस भरतं. तेवढ्या काळात जिंकलेल्या मल्लाबद्दलचा उत्साह निम्म्यावर येतो, पुढच्या तेवढ्याच काळात पावावर, आणि तिसऱ्या महिन्यात लोक 'फार माजलाय' म्हणायला लागतात. अरेरेचा असा क्षय होत नाही. तो साठतो. अरेरे म्हणून घरी गेलेला माणूस पुढच्या खेळाचं तिकीट काढतो, कारण त्याला 'या वेळी तरी' बघायचं असतं. हा निष्कर्ष मंडळाला इतका पटला की त्यांनी मला स्वतंत्र टेबल दिलं.

आता ज्या संध्याकाळविषयी लिहायचं आहे ती महासंग्रामाची. महासंग्राम दर महिन्याला होतो. (वार्षिक महासंग्राम वेगळा. तो वर्षातून तीनदा होतो.) त्याची तयारी डोळ्यांत भरण्यासारखी असते. आखाड्याखालची लाकडं बदलली जातात, म्हणजे पडल्यावर आवाज जास्त येतो आणि लागतं कमी. घडीच्या खुर्च्या दोन प्रकारच्या आणल्या जातात, डोक्यात घालायच्या आणि बसायच्या. (मागच्या हंगामात एकदा त्यांची अदलाबदल झाली. तेव्हापासून निकाल संचालक उभ्याने काम करतात.) एक डॉक्टर सतत हजर असतो. तो खराखुरा डॉक्टर आहे. दातांचा आहे.

मुख्य आकर्षण पिंजरा. चारी बाजूंनी जाळी, एक दार, दाराला कुलूप. मल्लांनी पळून जाऊ नये म्हणून पिंजरा आहे, असं निवेदक सांगतो. प्रेक्षकांनी आत येऊ नये म्हणून आहे, असं विम्याच्या कागदावर लिहिलं आहे. सांघिक लढतीत चार-चार मल्लांचे दोन संघ आत कोंडतात. जो संघ आधी पूर्ण बाहेर पडेल तो जिंकला, आणि त्या संघातला सर्वांत शेवटी बाहेर येणारा त्याच संध्याकाळी विजेतेपदाची कुस्ती खेळणार. कारण सर्वांत जास्त मार त्याने खाल्लेला असतो. मार खाणं हीच पात्रता मानणारे दुसरेही पुष्कळ व्यवसाय आहेत, पण तिथे शेवटी विजेत्याचा पट्टा मिळत नाही.

त्या संध्याकाळी शेवटी बाहेर येणार होता तो 'डोंगर'. घरी त्याला दादा म्हणतात. तो माझा थोरला भाऊ आहे.

दादा सोळा वर्षं हरतो आहे. हे मी कौतुकाने लिहिते. जिंकायला काय लागतं? हात वर करावे लागतात. हरायला अंगभूत गुण लागतो. दादा पडतो तेव्हा आवाज पाठीचा येतो, वेदना चेहऱ्यावर दिसते आणि प्रत्यक्षात दुखतो तो गुडघा. डावा. त्यातली कूर्चा इतकी झिजली होती की हाडांच्या डॉक्टरांनी (हेही खरे) फोटो उजेडाकडे धरून त्याला विचारलं होतं, "हा तुमचाच गुडघा ना? की वडिलांचा आणलात?" शस्त्रक्रियेनंतर आखाड्यात उतरता येणार नव्हतं. म्हणजे आधी निवृत्ती घ्यायची, मग शस्त्रक्रिया.

निवृत्तीबाबत मंडळाचे सेवानियम उदार आहेत. कलम नऊनुसार, सलग सोळा वर्षं हरलेल्या मल्लाला निवृत्तीच्या दिवशी एक विजेतेपद देय आहे. (मुदत चोवीस तास. पट्टा पुसून परत करावा.) याला निवृत्ती-विजय म्हणतात. या कलमाला एक पोटकलम आहे: निवृत्तीच्या दिवशी मल्लाला मिळालेला अरेरे कोणत्याही मायक्रोफोनवर एकशे पाच डेसिबलच्या वर गेल्यास तो मल्ल अपरिहार्य समजावा, विजय आणि निवृत्ती, दोन्ही लांबणीवर टाकावीत. एकशे पाच हा आकडा मी सुचवला होता. तोपर्यंत सभागृहाची मजल कधीच एकशे दोनच्या पुढे गेली नव्हती. त्यामुळे ही मर्यादा कोणालाही आडवी येणार नाही, असं माझं गणित होतं. गणित बरोबर होतं.

घरी आईने गवंड्याला बोलावून बैठकीच्या भिंतीत बोल्ट बसवून घेतला. आधी ती खिळा ठोकणार होती. पट्टा साडेचार किलोचा असतो, खिळा वाकेल, असं मी तिला सांगितलं.

"एका दिवसापुरता तर टांगायचाय," दादा म्हणाला.

"फोटो काढेपर्यंत पडायला नको," आई म्हणाली. "तू पडतोस तेवढं पुरे आहे."

निकाल आधी ठरतात हे आईला माहीत होतं. फक्त ते ठरवताना आपल्या मुलाचा विचार कसा होत नाही, हे तिला कळत नसे. "तू तिथे टेबलावर बसतेस ना," ती मला म्हणायची, "मग साहेबांच्या कानावर घालायला काय होतं?"

आतापर्यंत तिने सगळ्या लढती घरीच टीव्हीवर पाहिल्या होत्या, विणकाम करत. दादा पडला की ती एक ओळ उसवायची. (तिने सुरू केलेला माझा स्वेटर चौथ्या वर्षात आहे.) त्या दिवशी मात्र ती पहिल्यांदाच सभागृहात येणार होती. तिच्यासाठी मी तिसऱ्या रांगेतली कडेची खुर्ची निवडली. तिथे पाय लांब करता येतात, स्वच्छतागृह जवळ पडतं आणि खांबामुळे पंख्याचा वारा थेट अंगावर येत नाही. त्या खांबावर चार नंबरचा मायक्रोफोन आहे, हे मला ठाऊक होतं. मीच तो बसवला होता.

पिंजऱ्याची लढत ठरल्याप्रमाणे झाली. दादाने दार धरून ठेवलं आणि आपल्या तिन्ही साथीदारांना एकेक करून बाहेर काढलं. मग तो निघणार इतक्यात विरुद्ध संघातल्या एकाने आतून दार ओढून त्याच्या कपाळावर आदळायचं होतं. यातली कारागिरी अशी: दार कपाळापासून चार बोटांवर थांबतं आणि त्याच क्षणी मल्ल तळहाताने चौकटीवर थाप मारतो. दोघांनी महिनाभर सराव केला होता. दार चार बोटांवर थांबलं, थाप बसली, दादा कोसळला. कार्यक्रमपत्रिकेनुसार त्याने पुढे सरपटत बाहेर यायचं होतं. तसा तो आलाही.

हे सगळं मल्लांना, निवेदकाला, पंचांना आणि दातांच्या डॉक्टरांना माहीत होतं. आईला सांगायचं राहून गेलं होतं.

ती उठून उभी राहिली आणि ओरडली, "अगं आई गं, मारलं माझ्या पोराला."

माझ्या पडद्यावर पाच मायक्रोफोन शंभर ते एकशे एकच्या दरम्यान होते. चार नंबरवर एकशे पाच पूर्णांक दोन उमटलं.

मध्यंतरात निकाल संचालक माझ्या टेबलापाशी आले. ते सभ्य गृहस्थ आहेत. कोणालाही हरवायचं असलं तरी आधी पाणी विचारतात.

"मॅडम, आकडा वर गेलाय."

यंत्राची अचूकता अधिक-उणे अर्धा डेसिबल आहे, हे मी त्यांच्या नजरेस आणून दिलं.

"म्हणजे काय?"

"म्हणजे खरा आकडा एकशे चार पूर्णांक सातही असू शकतो."

"आणि एकशे पाच पूर्णांक सातही?"

"हो."

"मग मधला धरू," ते म्हणाले. "मी काही लोभी माणूस नाही."

चार नंबरच्या मायक्रोफोनजवळ मल्लाची आई बसली आहे, हेही मी सांगितलं. त्यांनी सभागृहावर शांतपणे नजर फिरवली. "मॅडम, सगळेच कोणाचे ना कोणाचे नातेवाईक आहेत. तसे काढायला लागलो तर खुर्च्याच उरतील."

यंत्रात दोष आढळला तरच आकडा बाद करता येतो. आई हा यंत्रातला दोष नाही. या संपूर्ण इमारतीत रक्त खोटं, वैर खोटं, खुर्च्या खोट्या (निम्म्या), आणि खरं असं एकच, ते माझं यंत्र. ते दर सहा महिन्यांनी तपासून येतं. मी आकड्यासमोर सही केली.

दादा कपडे बदलायच्या खोलीत गुडघ्यावर बर्फाची पिशवी ठेवून बसला होता. विजेत्याने घालायचा चकचकीत झगा त्याने आधीच खांद्यावर टाकून पाहिला होता.

"किती आला?" त्याने विचारलं. हे तो नेहमीच विचारतो.

"एकशे पाच पूर्णांक दोन."

"कुठल्या माईकवर?"

"चार."

त्याने गुडघ्यावरची पिशवी बाजूला ठेवली. मग हसायलाच लागला. "सोळा वर्षं एवढ्या लोकांना जमलं नाही, ते म्हातारीने एका दमात केलं." त्याने झगा खांद्यावरून काढला आणि नीट घडी घातली. "बारके, तुझ्या त्या डबीत थोडा कमी नाही का दाखवता येत? तीनेक?"

दादाला लॉगॅरिदम कधीच जमलं नाही. शाळेत असताना मी त्याला खूप समजावलं होतं. "तीन कमी म्हणजे निम्मे लोक घरी पाठवल्यासारखं होतं, दादा."

"एकीलाच पाठवायचं होतं," तो म्हणाला. मग दारापाशी जाऊन वळला. "तिला सांगू नकोस हं. तिच्यामुळे झालं म्हणून."

विजेतेपदाची कुस्ती 'युवराज' नावाच्या विद्यमान विजेत्याशी होती. देखणा मुलगा आहे. त्याला उंचीची भीती वाटते, म्हणून विजेत्याने पिंजऱ्यात उतरू नये असा नियम आहे. निवृत्ती-विजयासाठी त्याला दोन महिने पडायला शिकवलं होतं. ते तो फार मन लावून शिकला होता. मध्यंतरात बदललेला निकाल त्याला दोनदा समजावण्यात आला आणि दोन्ही वेळा त्याने मान हलवली. पण सवय ही सवय. दादाने खांद्याला हात लावताच तो पाठीवर आडवा झाला आणि डोळे मिटून पडून राहिला.

पंचांनी मोजायला सुरुवात केली. एक. दोन. तीन म्हणायला उचललेला पंचांचा हात हवेत थांबला, कारण त्यांनाही नोकरी आहे. सगळं सभागृह उभं राहिलं. दादाला काहीच करायचं नव्हतं. नुसतं होता तसा राहिला असता तर पट्टा, बोल्ट, शस्त्रक्रिया, सगळं जमून आलं असतं.

दादाने युवराजाला काखेत हात घालून उचललं, स्वतः खाली आडवा झाला आणि त्याला आपल्या अंगावर नीट पसरून ठेवलं. युवराजाचा एक पाय बाहेर राहिला होता, तोही आत घेतला. निवेदक म्हणाला, असा पलटवार त्याने उभ्या आयुष्यात पाहिला नव्हता. चार नंबरवर एकशे सहा.

परतताना गाडीत आई मागे बसली होती.

"थोडक्यात गेलं रे," ती म्हणाली. "अगदी थोडक्यात."

"हो ना," दादा म्हणाला.

"तो खाली होता तेव्हा मी इतकी ओरडले. तुला ऐकू आलं का?"

"आलं की."

"पुढच्या वेळी मी आणखी पुढे बसते. तुला धीर येईल."

दादाने आरशात माझ्याकडे पाहिलं आणि गिअर बदलला.

मंडळाने आईला पहिल्या रांगेचा कायमचा पास दिला आहे. दादा 'अपरिहार्य मल्ल, वर्ग एक' झाला असून त्याच्या गुडघ्याची तारीख पुढे ढकलण्यात आली आहे. डॉक्टर आता फोटो मागतही नाहीत. एकशे पाचच्या मर्यादेचा फेरविचार व्हावा, अशी मी विनंती केली. ती तत्परतेने मान्य झाली. सर्वांना समान न्याय मिळावा म्हणून मर्यादा पंचाण्णव करण्यात आली, त्यामुळे आता कोणालाच निवृत्त होता येत नाही. भिंतीतला बोल्ट मजबूत निघाला. त्यावर छत्री आणि बाजाराची पिशवी असते.

हे सगळं दादाविषयी कोणाला वाईट वाटावं म्हणून लिहिलेलं नाही. उलट, वाईट वाटू देऊ नये, ही नम्र सूचना आहे. त्याला घरी बसवण्याचा शास्त्रीय मार्ग एकच उरला आहे: तो पडेल तेव्हा कोणीही, मनातल्या मनातसुद्धा, काही म्हणता कामा नये. ज्यांना इथवर वाचताना ते जमलं नाही, त्यांना दोष देण्याचं कारण नाही. मंडळ अशांच्याच शोधात असतं. तिसऱ्या रांगेतली, चार नंबरजवळची कडेची खुर्ची आता मोकळी आहे. तिच्यावर पाय लांब करून बसता येतं, आणि तिथून आवाज छान लागतो.