शेठ जागा शे

आमचे शेजारी झिपरूआप्पा रोज सकाळी तोंड धुण्याआधी भिंतीला तळहात लावतात आणि सात समुद्रांपलीकडे अमेरिका झोपली आहे की जागी, ते सांगतात. झोपली असेल तर स्वारी खुशीत चहा मागते. जागी असेल तर आमच्या दाराची कडी वाजते.

"मास्तर, शेठ जागा शे. ध्यान गल्लीवर शे."

शेठ म्हणजे अमेरिका. गल्ली म्हणजे लिंबायतमधली आमची गल्ली नव्हे. आखातातली ती चिंचोळी सामुद्रधुनी, जिथून तेलाची जहाजं ये-जा करतात आणि जिच्यावरून अमेरिकेचं आणि इराणचं कायम बिनसलेलं असतं. नव्या माणसाचा मात्र घोटाळा होतो. "गल्लीच्या तोंडाशी लढाऊ जहाज उभं शे," असं आप्पांनी ओरडून सांगितल्यावर समोरच्या भाडेकरूनं आपली रिक्षा मुकाट्यानं पलीकडच्या रस्त्यावर नेऊन लावली होती.

ओरडून अशासाठी, की आप्पांना ऐकू येत नाही. चाळीस वर्षं मागावर काढली त्यांनी. मागाच्या कारखान्याला इथं खातं म्हणतात, आणि खात्यात उभं आयुष्य काढलेल्या माणसाचे कान त्या खडखडाटालाच वाहिलेले असतात. कान गेले, पण दोन गोष्टी आल्या. एक, ओठ वाचणं. चार माग पलीकडे उभा असलेला माणूस काय पुटपुटतोय, ते आप्पांना कळायचं आणि त्यापायी दोन मेहत्यांशी, म्हणजे मुकादमांशी, त्यांची कायमची भांडणं झाली. दुसरी गोष्ट म्हणजे तळहात. माग बिघडला की बाकीचे कान लावत, आप्पा सांगाड्यावर हात ठेवत आणि डोळे मिटून सांगत, "धोटा घासस. उजवीकडे." खोलून बघावं तर धोटा उजवीकडेच घासत असायचा.

आता सांगायला हवं ते आधीच सांगून टाकतो. आप्पांचा एकुलता एक मुलगा किशोर त्या गल्लीत अडकला आहे. हजिऱ्याच्या कारखान्यात कंत्राटावर खपून कंटाळला, तेव्हा कुणा एजंटाच्या ओळखीनं एका जुन्या तेलवाहू जहाजावर खलाशी म्हणून गेला. बापाला ऐकू येत नाही म्हणून तो व्हिडिओ कॉल करायचा आणि ओठ मोठे मोठे हलवून बोलायचा. शेवटचा फोन मी स्वतः पाहिला आहे. "आप्पा, उद्या गल्ली ओलांडतो," असं तो म्हणाला. म्हणजे शब्द मूळचा त्याचा.

त्यानंतर फोन नाही. तेल कुणाचं, जहाज कुणाचं, यावरून ते अडवलं गेलं, एवढंच कळलं. एजंटाचा फोन बंद झाला. ज्या कचेऱ्यांत मी अर्ज लिहून दिले, तिथून 'चौकशी सुरू आहे' याच्या पलीकडे शब्द आला नाही. असे अकरा महिने गेले.

पहिल्याच महिन्यात आप्पा माझ्याकडे आले आणि म्हणाले, "मास्तर, जगना नकाशा द्या." मी मराठी शाळेत भूगोल शिकवतो. शाळेनं मोडीत काढलेला एक नकाशा माझ्याकडे होता. इतका जुना, की त्यात सोव्हिएत संघ अजून शाबूत आहे. मी तसं सांगितलं. आप्पा म्हणाले, "राहू द्या. नाव बदललं म्हणजे जमीन काय उठीसन चालनी जास?" मी नकाशाची गुंडाळी त्यांच्या हातात दिली.

नकाशा त्यांनी मागच्या भिंतीवर लावला. एक खिळा शेठच्या राजधानीवर, एक गल्लीवर, आणि दोहोंच्या मध्ये खात्यातला पॉलिस्टरचा एक धागा, मागावर ताणतात तसा ताणलेला. जहाजं म्हणून सेफ्टीपिना. या आरमाराचं काकूंना, म्हणजे आप्पांच्या बायकोला, मथुराकाकूंना, काही कौतुक नव्हतं. एकदा साखरपुड्याला निघताना पदराला पिन मिळेना, तर त्यांनी अरबी समुद्रातली एक उचलली. आप्पांनी नकाशा पाहिला आणि गल्लीभर जाहीर केलं, "शेठनं एक जहाज मागं लिधं!" संध्याकाळी ते जहाज काकूंच्या खांद्यावर सापडलं. आम्ही पोट धरधरून हसलो. दुसऱ्या दिवशीच्या पेपरात बातमी होती, की एक युद्धनौका त्या भागातून माघारी वळली आहे. मी ती दोनदा वाचली. काकूंनी तेव्हापासून समुद्राला हात लावलेला नाही.

मी आप्पांना एकदा विचारलं होतं, की शेठचं घर एवढं लांब, त्याचा या गल्लीत जीव का अडकला? आप्पा माझ्याकडे पहिलीतल्या पोराकडे बघावं तसं बघत राहिले.

"आपला खात्याचा शेठ कुठं राहस? तिकडे, वेसूले, बंगल्यात. खात्यात किती वेळा दिसस?"

"दिवाळीला."

"पण दार कव्हं उघडाचं, कोणासाठी उघडाचं, ते कोन ठरावस? शेठले तेल नको, मास्तर. शेठले दारनी कडी पाहिजे. कडी ज्याना हातमां, त्याले घरमां ऱ्हावानी गरज नही."

ग्रंथालयातल्या जाड पुस्तकांत मी याहून अधिक काही वाचलेलं नाही.

"आणि कडी लावताना कोनं बोट सापडनं, ते त्याले दिसत नही," असं म्हणून ते पिना पुसायला लागले.

धागा सतत थरथरायचा, यात नवल नाही. त्या भिंतीला लागूनच खातं आहे. माग सुरू झाले की आमच्याकडे फळीवरची भांडी एकमेकांशी बोलतात आणि पाण्याच्या ग्लासात वर्तुळं उमटतात. आप्पा धाग्यावर हात ठेवून शेठ जागा की झोपलेला, ते सांगत. मी मनात म्हणायचो, यात मागच बोलताहेत. आणि यार्नचा भाव वर गेला की बाजारातला प्रत्येक माणूस आखातात काहीतरी शिजतंय असं म्हणतोच, कारण पॉलिस्टर शेवटी तेलातूनच येतं. आप्पा मनाशी तेवढं जुळवत असतील. माझं समाधान झालं होतं.

ते एका रविवारी मोडलं. रविवारी खातं बंद असतं. त्या दिवशी लिंबायतला इतकी शांतता पडते की माणसं उगाच खोकतात. मी दुपारी आप्पांकडे गेलो, तर ते पाटावर बसून गहू निवडत होते आणि काकू आत होत्या. भिंतीजवळ कुणी नव्हतं. पंखा बंद होता. ग्लासातलं पाणी निपचित होतं. आणि धागा हलत होता. बारीक, भरभर, जणू पलीकडच्या टोकाला कुणीतरी बोट लावून ठेवलं आहे. मी जवळ गेलो नाही.

आप्पांनी मान वर केली नाही. "आज पोऱ्या जागा शे," एवढंच म्हणाले.

शेठ नाही, पोऱ्या. मी घरी येऊन चहा केला आणि तो न पिताच गार झाला.

श्रावण आला. खान्देशी घरांत श्रावणात कानबाई देवीचा रोट असतो. आप्पांच्या घराण्यात रोटाचे गहू माणसागणिक मोजतात. घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावानं सव्वा मूठ. गेलेल्याच्या नावानं मोजलेलं देवीला चालत नाही आणि हयात माणसाला वगळणं म्हणजे त्याच्या नावानं पाणी सोडणंच. त्या पिठाचे रोट भाऊबंदांतच खायचे, बाहेरच्याला द्यायचे नाहीत. मी अकोल्याकडचा, म्हणजे बाहेरचाच. पण गहू मोजायच्या त्या दुपारी आप्पांनी मला बोलावून घेतलं.

खोलीत भाऊबंद बसले होते. सणामुळे खातं बंद होतं. काकूंच्या पुढ्यात गव्हाची परात होती. एकेक नाव घेत त्या मूठ टाकत होत्या. आप्पांचं नाव झालं, पुतण्यांची झाली, आणि मग त्यांची मूठ परातीतच राहिली.

थोरले चुलतभाऊ घसा साफ करून म्हणाले, "झिपरू, वरीस होत आलं. देवीना काममां चूक नको."

काकू आप्पांकडे बघत होत्या. सगळ्या खोलीत एक मूठ अडली होती.

आप्पा उठले आणि नकाशापाशी गेले. मला वाटलं हात ठेवतील. त्यांनी हात वर नेला आणि तसाच मागं घेतला. त्यांचे दोन्ही हात थरथरत होते. ते मी त्या दिवशी प्रथमच नीट पाहिलं.

"मास्तर, तुम्ही लावा," ते म्हणाले. "चाळीस वरीस मागवर ऱ्हायनात हाई हात. आता धागा थरथरस का मी थरथरस, माले समजत नही."

मी पुढं झालो आणि धाग्यावर तळहात ठेवला. वर्गात नकाशात चुकीच्या जागी टिंब दिलं तर मी पोरांचा अर्धा मार्क कापतो. धागा स्थिर होता. गार आणि मेलेला. मी हात दाबून पाहिला, सैल करून पाहिला. काही नाही.

मागं वळलो. आप्पांचे डोळे माझ्या ओठांवर होते.

"हलतोय," मी म्हणालो. "चांगला हलतोय, आप्पा."

काकूंनी मूठ उचलली, वर पाव मूठ घातली आणि किशोरचं नाव घेतलं. ते त्या इतक्या मोठ्यानं म्हणाल्या, की बहुधा आप्पांनाही ऐकू गेलं असावं.

मी निघालो तेव्हा आप्पा दारापर्यंत आले.

"मास्तर, तुम्ही खोटं बोलतस तव्हं खालना ओठ पहिले हालस."

चोरी करताना पकडलेल्या विद्यार्थ्यासारखा मी चपला शोधत राहिलो.

"बरं कयं तुम्ही," आप्पा म्हणाले. "माले बोलता येत नव्हतं. कोनीतरी बोलाले पाहिजे व्हतं." मग म्हणाले, "रविवारे येत जा. हात लावत जा. आणि जे शे तेच सांगत जा आता."

तेव्हापासून मी दर रविवारी जातो. खातं बंद असतं. आप्पा पाटावर बसतात, मी धाग्याला हात लावतो, वळतो आणि "नाही" म्हणतो. ते मान हलवतात. मग आम्ही चहा पितो आणि शेठच्या पिना इकडच्या तिकडे करतो. या कामात इतकं दुःख असेल, असं मला सुरुवातीला वाटलं नव्हतं. नाही म्हणायचीही माणसाला सवय होते, आणि मला ती सवय आवडत नाही.

गेल्या रविवारी गेलो. पंखा बंद होता, माग बंद होते, काकू ओट्यापाशी उभ्या होत्या. नेहमीसारखा हात ठेवला. तळहाताखाली काहीतरी सुरू झालं. आधी बारीक, मग भरभर, हाताच्या हाडांपर्यंत आलं. मी हात काढला. धागा हलतच राहिला. पुन्हा ठेवला. माझा हात थरथरत नव्हता, याची मी दुसऱ्या हातानं मनगट धरून खात्री केली.

मी वळलो.

"आप्पा, हलतोय."

आप्पा माझ्या ओठांकडे बघत राहिले. पुष्कळ वेळ. एवढा वेळ त्यांना एक शब्द वाचायला कधीच लागला नव्हता. नकाशाकडे त्यांनी पाहिलंच नाही. मग गुडघ्यावर हात टेकून उठले आणि ओट्याकडे वळून म्हणाले,

"ऐकस का? किशोरनी गादी उन्हात टाक."