आधी पाणी

निकम काकांच्या घराला आग लागली आहे, हे सांगायला तुम्ही धावत त्यांच्या दारात गेलात, तर पाणी आधी तुम्हाला मिळेल आणि मग आगीला. यात मी तिखटमीठ लावत नाहीये. एकदा त्यांच्या स्वयंपाकघरात पापड करपला, अलार्म वाजला, तो काही केल्या बंद होईना आणि शेवटी अग्निशमन दलाचे चार धिप्पाड जवान हेल्मेट-बुटांसकट आत शिरले. काकांनी त्यांना ओट्याशी ओळीने उभं केलं आणि स्टीलच्या पेल्यांतून पाणी पाजलं. "आधी पाणी," ते म्हणाले, "मग काय ते बघा." चौघंही निमूट प्यायले. बाहेर लाल गाडी दिवे फिरवत उभी होती.

मी काकांच्या बेसमेंटमध्ये तीन वर्षं भाड्याने राहिले. नागपूरहून कॉलेजसाठी आले ती ऐन जानेवारीत. खोली बघायला टोरोंटोच्या स्कारबरो भागातली चार-पाच घरं पालथी घातली. सगळीकडे पहिला प्रश्न जॉब आहे का, दुसरा कुकिंग किती करणार. निकम काकांनी दार उघडलं, माझ्याकडे आणि माझ्या दोन बॅगांकडे पाहिलं, आत गेले आणि पेला घेऊन आले. बाहेर उणे अठरा होतं, मला दात वाजल्यामुळे बोलता येत नव्हतं आणि हा माणूस मला नळाचं पाणी देत होता. "पी की गं," ते म्हणाले. प्यायले. खोली पक्की झाली.

काका मूळचे सोलापूरकडचे. पस्तीस वर्षांपूर्वी इकडे आले, मोटारीच्या सुट्या भागांच्या कारखान्यात तपासनीस म्हणून राबले आणि रिटायर झाले. लहानपणी त्यांची आई दोन कोसांवरून पाणी आणायची, आणि तरी दारात आलेल्याला आधी पाणी द्यायची. तिचा पितळी फिरकीचा तांब्या काकांनी इथवर आणला. झाकण फिरवून घट्ट बसवलं की उलटा केला तरी थेंब सांडत नाही, असा तो प्रवासाचा तांब्या. तो घेऊन ते बसमध्ये चढतात, डॉक्टरकडे जातात, लायब्ररीत जातात. लायब्ररीत द्रवपदार्थ न्यायला बंदी आहे असं तिथल्या बाईंनी सांगितलं, तर त्यांनाच घोटभर देऊन आले.

दारोदार धर्माची पत्रकं वाटणारी एक जोडी त्यांच्याकडे यायची. काकांनी त्यांना इतकं पाणी पाजलं, की आता ते दोघे उन्हाळ्यातच येतात आणि देवाचा विषय काढत नाहीत. पोस्टमनसाठी ते बाहेर कठड्यावर पेला भरून ठेवायचे. जानेवारीत त्याने पेल्यासकट बर्फाचा गोळा बेल वाजवून परत केला. काकांनी तो घेतला आणि त्याला दुसरा पेला आणून दिला.

आणखी एक विक्षिप्तपणा होता. दाराच्या आत, चपला काढतो तिथे, एक छोटं स्टूल आहे. घराबाहेर पडताना काका त्यावर पेला भरून, वर बशी झाकून ठेवतात. परत आले की जॅकेटही न काढता तिथेच उभ्याने तो पितात. "काका, पाच पावलांवर नळ आहे," मी म्हणायची. "असू दे की," ते म्हणायचे. काकू जाऊन तेव्हा वर्ष झालं होतं. काका संध्याकाळी परत आले की त्या काय करायच्या, हे मी विचारलं नाही, आणि काकांनीही सांगितलं नाही.

शेजारच्या घरात फुमी आजी राहतात. मूळच्या जपानच्या, इथे लग्न करून आल्या, नवरा कधीच गेला. वय पंच्याऐंशीच्या पुढे, पण ड्राइव्हवेवरचा बर्फ स्वतः शोव्हल करतात आणि काका मदतीला गेले की फावडं मागे लपवतात. या दोघांची मैत्री कुंपणावरून. काका पलीकडे पेला देणार, त्या दोन्ही हातांनी घेणार. पण बाकी सगळे पाणी पितात तशा त्या पीत नाहीत. आधी पेल्याकडे बघतात, मान किंचित झुकवतात आणि मग ओठाला लावतात. काकांना हे फार आवडायचं. "पाण्याची कदर असलेली बाई," असं ते मला सांगायचे. बाकीच्या जगाला, म्हणजे मला, ती नव्हती.

एका उन्हाळ्यात काकांनी त्यांना सहज विचारलं, की तुम्ही पाण्याला नमस्कार का करता. आजींनी सांगितलं. त्यांचं घर हिरोशिमाजवळ होतं. त्या तेव्हा सहा वर्षांच्या. बारा वर्षांची थोरली बहीण सकाळी कामासाठी शहरात गेली होती. दुपारी ती चालत घरी आली, भाजलेली, आणि पाणी मागत राहिली. भाजलेल्याला पाणी दिलं तर तो मरतो, असं मोठ्या माणसांनी ऐकलं होतं. त्यांनी बजावलं, देऊ नकोस. छोटी फुमी मांडीत किटली घेऊन तिच्याजवळ बसून राहिली. संध्याकाळी बहीण गेली. किटली तशीच भरलेली होती.

मला हे काकांनी सांगितलं तेव्हा ते ओट्याशी पाठ करून उभे होते. "त्यांना विमानात बसवत नाही आता," ते म्हणाले. "मी म्हणालो, मी नेतो तिकडे पाणी, बहिणीसाठी. तुमच्या नळाचं."

त्यानंतर मी मार्कहॅमला नोकरीला लागले, तिथेच कॉन्डो घेतला. यंदा जूनमध्ये ऑफिसने आठवडाभरासाठी ओसाकाला पाठवायचं ठरवलं. काकांना फोनवर सांगितलं, तर त्यांनी लगेच विचारलं, "ओसाकाहून हिरोशिमा किती लांब?"

अशा रीतीने माझ्या बिझनेस ट्रिपला एक काका आणि एक तांब्या जोडला गेला. काकांनी एका दिवसाची प्रायव्हेट टूर बुक केली, गाइडसकट, कारण गर्दीबरोबर घाईघाईत हे काम करायचं नव्हतं. तांब्याची परीक्षा झाली. तो भरून बाथटबमध्ये रात्रभर उलटा ठेवला. सकाळी दोन थेंब दिसले. कारखान्यातला तपासनीस जागा झाला, हार्डवेअरच्या दुकानातून रबरी रिंग आली, पुन्हा परीक्षा झाली आणि तांब्या पास झाला. निघायच्या सकाळी आजींनी स्वतः आपल्या नळाखाली तो भरला. काकूंच्या जुन्या सुती साडीत गुंडाळून तो चेक-इन बॅगेत गेला. घराला कुलूप लावण्याआधी काकांनी स्टुलावर पेला भरून ठेवला.

"काका, आपण दहा दिवसांनी येणार आहोत."

"बशी झाकलीय की."

बुलेट ट्रेनमध्ये काकांनी तांब्या मांडीवर घेतला होता. लोकांसाठी वेगळी, दोन लिटरची बाटली होती. "यातलं कुणाला नाही," तांब्यावर हात ठेवून त्यांनी मला बजावलं, जणू मीच डोळा ठेवून होते. बाटलीतलं मात्र शेजारचे आजोबा, दोन शाळकरी मुली आणि तिकीट तपासनीस यांनी मिळून संपवलं. जपानी माणसाला नाही म्हणणं जड जातं, हे काकांच्या फार पथ्यावर पडलं.

गाइड हारुको-सान स्टेशनवर वेळेआधी हजर होत्या. साठी ओलांडलेल्या, डोक्यावर पांढरी टोपी, हातात मिनिटामिनिटाचा कागद. उकाडा आपल्या मेमधल्यासारखा. त्या फार चांगलं सांगत होत्या. उरलेल्या घुमटाची इमारत, नदी, त्या सकाळी शहरात आलेली शाळकरी मुलं. मी ऐकत होते. काका ऐकत नव्हते. ते बाईंच्या ओठांकडे बघत होते.

"दोन तास बोलतीय बाई," ते माझ्या कानात म्हणाले. "घोटभर प्यायली नाही."

मी इंग्रजीत विचारलं. हारुको-सान हसल्या. "ड्युटीवर असताना मी पीत नाही. पाहुणे आधी." काकांचा चेहरा बघण्यासारखा झाला. असं माणूस त्यांना आयुष्यात पहिल्यांदाच भेटलं होतं.

नदीकाठी एका दगडी स्मारकापुढे लोकांनी पाण्याच्या बाटल्या ठेवल्या होत्या. "ते सगळे पाणी मागत गेले," हारुको-सान म्हणाल्या, "म्हणून आम्ही अजून आणतो." काकांनी चपला काढल्या. तांब्या दोन्ही हातांत धरला. आणि हारुको-सानचा आवाज मध्येच थांबला. त्या डोलल्या आणि मी धरेपर्यंत बाकावर बसल्या, पांढऱ्याफटक.

पाण्याचं मशीन पन्नास पावलांवर होतं. मी धावले. नाणी घालून बाटली काढायला मिनिट, फार तर दीड मिनिट लागलं असेल. परत आले तर काका त्यांच्यापुढे उकिडवे बसले होते. त्या मान हलवून नको म्हणत होत्या आणि काका म्हणत होते, "पी की. आधी पाणी." मराठीत. तांब्याचं झाकण बाकावर होतं. त्यांनी चेहऱ्यावर शिंपडलं, पाजलं, पुन्हा पाजलं. बाईंच्या गालांवर रंग आला.

मग काकांनी तांब्यात पाहिलं. उलटा केला. काही नाही.

हारुको-सानना सगळं कळलं तेव्हा त्या उठून इतक्यांदा वाकल्या की मीच त्यांना पुन्हा बसवलं. बागेच्या नळावर भरून घ्या म्हणाल्या. "ते फुमीबाईंचं नाही," काका म्हणाले. शेवटी मी आणलेली बाटली त्यांनी दगडापुढे ठेवली, हात जोडले, आणि चपला घालायला त्यांना बराच वेळ लागला. परतीच्या ट्रेनमध्ये समोर एक बाई खोकत होत्या. काका खिडकीबाहेर बघत राहिले.

विमानात मी म्हणाले, "काका, वाहिलं म्हणून सांगा ना. त्यांना कसं कळणार आहे?"

"पाण्याबाबत खोटं बोलू?" एवढंच ते म्हणाले. मला माझीच लाज वाटली.

टोरोंटोला उतरल्यावर ते घरी गेले नाहीत. बॅग कुंपणाशी ठेवून थेट आजींच्या स्वयंपाकघरात गेले, मी मागोमाग. टेबलावर रिकामा तांब्या ठेवला आणि उभ्यानेच सगळं सांगून टाकलं, आपल्या पोरानं काच फोडली हे शेजाऱ्याला सांगावं तसं. "माझ्याकडून ते राखलं गेलं नाही," ते म्हणाले. "सॉरी."

आजींनी तांब्या जवळ ओढला. "तिला तहान लागली होती?"

"हो."

"तिने मागितलं?"

"नाही. नकोच म्हणत होती."

"आणि तुम्ही दिलंत."

"हो."

आजी तांब्याच्या काठावरून बोट फिरवत राहिल्या. मग म्हणाल्या, "निकम-सान, त्या दिवशी तुम्ही आमच्या घरी असायला हवे होतात."

काका खुर्चीत बसले. आजी टेबलाला धरून उठल्या, ज्या नळाखाली तांब्या भरला होता त्याखाली एक ग्लास भरला आणि दोन्ही हातांनी त्यांच्यापुढे धरला.

"आधी पाणी," त्या म्हणाल्या. चक्क मराठीत. इतक्या वर्षांत कुंपणावरून ऐकून पाठ झालं असणार.

काका त्या ग्लासकडे बघत राहिले. मला शेजारच्या बंद घरातलं स्टूल आठवलं, त्यावरचा बशी झाकलेला पेला आठवला. माणूस बाहेरून दमून आला की घरातलं कुणीतरी त्याच्या हातात पाणी देतं. तीन वर्षं मी या माणसाच्या घरात राहिले, रोज त्याच्या हातचं पाणी प्यायले, आणि संध्याकाळी दार वाजल्यावर एकदाही पेला घेऊन वर गेले नाही.

काकांनी मान किंचित झुकवली, आजींसारखी, आणि ग्लास एका दमात रिकामा केला. मग तो पुढे करून म्हणाले, "अजून थोडं देता का?"